मुक्ताबाईंचा प्रश्न

श्रावण वद्य चतुर्दशी ही अहल्याबाई होळकर यांची पुण्यतिथी. दरवर्षी इंदूर शहरात त्यांची पालखी निघते, राजवाड्यासमोरील बागेतल्या त्यांच्या पुतळ्याला पुष्पहार घातले जातात आणि सभांतून त्यांच्या पुण्यकृत्यांचे स्मरण केले जाते. काशीविश्वेश्वराचे मंदिर, सोरटी सोमनाथाचे मंदिर, गयेचे विष्णुपद, महेश्वरचे घाट, ठिकठिकाणच्या विहिरी आणि धर्मशाळा यांची यादी वक्ते सांगतात. ही यादी खरी आहे आणि ती सांगितलीच पाहिजे. परंतु अहल्याबाईंच्या चरित्रात एक प्रसंग असा आहे, की त्याचा उच्चार सभांतून फारसा होत नाही. त्यात मंदिर नाही, लढाई नाही आणि न्यायनिवाडाही नाही. एक म्हातारी आई आणि तिची प्रौढ मुलगी, एवढीच माणसे त्यात आहेत. आई 66 वर्षांची, मुलगी 43 वर्षांची. आई मुलीजवळ काही मागते आहे आणि मुलगी नाही म्हणते आहे.

आई आणि मुलगी यांच्या नात्याविषयी आपल्याकडे पुष्कळ बोलले जाते. परंतु ते बहुधा मुलीच्या बालपणाविषयी किंवा तिच्या लग्नाविषयी असते. जात्यावरच्या ओव्यांत माहेर येते, माहेरची वाट येते, सासरी निघालेली लेक आणि दारात उभी असलेली माउली येते. पुढे लेक चाळिशी ओलांडते, आई साठी ओलांडते, आणि तेव्हा त्या नात्याचे रूप पालटू लागते. इतके दिवस आईने द्यावे आणि मुलीने घ्यावे, असा जो क्रम असतो, तो हळूहळू उलट होतो. आता आईला मागावे लागते. या उलट्या क्रमाची शिकवण ना आईला कोणी दिलेली असते, ना मुलीला. म्हणूनच महेश्वरचा तो प्रसंग आजच्या घराघरांनी ऐकावा असा आहे.

प्रसंग समजण्यासाठी सदतीस वर्षे मागे गेले पाहिजे. 1754 साली भरतपूरच्या जाटांच्या कुंभेरी किल्ल्याला मराठ्यांचा वेढा पडला होता. त्या वेढ्यात मल्हारराव होळकरांचे पुत्र खंडेराव मारले गेले. त्यांची पत्नी अहल्याबाई हिने तेव्हा वयाची तिशीही गाठली नव्हती. पदरी दोन मुले होती. मालेराव नऊ वर्षांचा आणि मुक्ताबाई सहा वर्षांची. त्या काळच्या रूढीप्रमाणे अहल्याबाई सती जाण्यास निघाल्या. त्या वेळी साठीच्या घरात असलेले मल्हारराव सुनेच्या पुढे आडवे आले. मुलगा गेला, आता तूही गेलीस तर या म्हाताऱ्याने कोणाच्या तोंडाकडे पाहावे, यापुढे तूच माझा मुलगा, अशा आशयाची विनवणी त्यांनी केली, असे परंपरा सांगते. अहल्याबाईंनी ती विनवणी मानली. सहा वर्षांच्या मुक्ताबाईची आई त्या दिवशी वाचली.

मल्हाररावांची ही विनवणी प्रसिद्ध आहे. परंतु तिच्यापुढे त्यांनी जे केले, ते अधिक महत्त्वाचे आहे. सून वाचली, आता तिने देवघरात बसून दिवस काढावेत, असे ते म्हणाले नाहीत. त्यांनी तिच्या हाती काम दिले. स्वतः मोहिमेवर असत तेव्हा वसुलाचा हिशेब, पत्रव्यवहार, फौजेला लागणारी रसद, तोफखान्याची तयारी या गोष्टी ते सुनेवर सोपवीत. 1765 सालचे त्यांचे एक पत्र इतिहासकारांच्या परिचयाचे आहे. चंबळ उतरून ग्वाल्हेरीकडे जावे, तोफखाना आणि त्याचा दारूगोळा यांची व्यवस्था लावावी, अशा सूचना त्यात सासऱ्याने सुनेला केलेल्या आहेत. वैधव्य आलेल्या स्त्रीने पुढे काय करावे, या प्रश्नाला मल्हाररावांनी असे उत्तर दिले. जग, म्हणून ते थांबले नाहीत. जगण्याला लागणारे काम, मान आणि अधिकार यांचीही त्यांनी तरतूद केली. पुढे 1766 मध्ये मल्हारराव वारले आणि 1767 मध्ये मालेरावही गेले. त्यानंतर दौलतीचा भार उचलण्यास अहल्याबाई समर्थ ठरल्या, याचे कारण त्या सरावात आहे.

आता मुक्ताबाईंकडे वळू. त्यांच्याविषयी इतिहासाने फार थोडे लिहून ठेवले आहे. त्यांच्या लग्नाची गोष्ट मात्र लोकांच्या तोंडी राहिली. मुलखात चोर-दरोडेखोरांचा सुळसुळाट झाला होता. त्यांचा जो बंदोबस्त करील त्याला माझी मुलगी देईन, असे अहल्याबाईंनी भरदरबारात जाहीर केले आणि यशवंतराव फणसे या तरुणाने तो पण जिंकला, अशी ती कथा आहे. लोककथेतला तपशील तोलून पाहण्याचे येथे कारण नाही. परंतु कथा ज्यांनी सांगितली आणि ज्यांनी ऐकली, त्यांपैकी कोणालाही मुलीचे मत काय होते, हे विचारावेसे वाटले नाही, एवढे ध्यानात ठेवण्यासारखे आहे. प्रजेला सुख व्हावे म्हणून राणीने मुलगी दिली, यात लोकांना औदार्य दिसले. लहान मुलगी आईची असते आणि आई तिच्याविषयी ठरवते, ही त्या नात्याची पहिली अवस्था होय.

पुढे मुक्ताबाईंना मुलगा झाला. त्याचे नाव नथ्याबा. पती आणि मुलगा अकाली गमावून बसलेल्या अहल्याबाईंचा या नातवावर जीव होता. आई आणि मुलगी यांच्यामध्ये एक मूल आले, की त्या दोघींचे नाते नव्याने जुळते, हा घरोघरचा अनुभव आहे. मुलगी स्वतः आई होते तेव्हा तिला आपल्या आईचे मन कळू लागते. दोघींची बोलणी आता बरोबरीची होतात. बाळाला काय द्यावे, ताप कसा उतरवावा, यावर मतभेदही होतात. ही दुसरी अवस्था बहुधा सर्वांत सुखाची असते. आई अद्याप धडधाकट असते आणि मुलगी शहाणी झालेली असते. महेश्वरच्या वाड्यातही अशी काही वर्षे गेली असतील, असे मानण्यास हरकत नाही. दौलतीच्या कागदांत अशा सुखाची नोंद होत नसते.

मग नथ्याबा वारला. त्यानंतर सुमारे वर्षभराने यशवंतराव फणसेही वारले, आणि मुक्ताबाईंनी सती जाण्याचा निश्चय सांगितला. हे साल 1791.

पुढे जे घडले ते सर जॉन मॅल्कम याने लिहून ठेवले आहे. 1818 च्या मंदसोरच्या तहानंतर होळकरांची राजधानी इंदुरास आली आणि माळव्याची व्यवस्था पाहण्याचे काम इंग्रजांनी मॅल्कमकडे सोपविले. त्याने मध्य हिंदुस्थानाविषयीचा आपला ग्रंथ 1823 साली प्रसिद्ध केला. घटनेला तेव्हा तीस वर्षे लोटली होती, परंतु त्या पिढीतली माणसे अद्याप हयात होती. मॅल्कमला अहल्याबाईंविषयी अतिशय आदर होता आणि त्याने लोकांच्या तोंडून पुष्कळ माहिती गोळा केली. तो सांगतो की, आईने आणि राज्यकर्तीने जे जे करावे ते सर्व अहल्याबाईंनी केले, फक्त जबरदस्ती केली नाही. ज्या बाईपुढे सरदार आणि सावकार हात जोडून उभे राहत, त्या बाईने मुलीच्या पुढे अंग टाकले. या जगात मला एकटी टाकून जाऊ नकोस, देवाची आण आहे, असे ती परोपरीने विनवू लागली.

मुक्ताबाईंचे आईवर प्रेम होते, हेही मॅल्कम लिहितो. त्या रडल्या-ओरडल्या नाहीत, रागावल्या नाहीत. शांतपणे त्यांनी आईला जे सांगितले त्याचा आशय असा: आई, तू आता म्हातारी झालीस. थोड्या वर्षांत तुझे पुण्यवान आयुष्य संपेल. माझा एकुलता एक मुलगा गेला, नवरा गेला. तूही गेलीस म्हणजे मला जगणे असह्य होईल, आणि तेव्हा मानाने मरण्याची वेळ माझ्या हातून निघून गेलेली असेल.

या उत्तरातील हिशेब नीट पाहिला पाहिजे. मला तुझी पर्वा नाही, असे मुलीने म्हटले नाही. तू आहेस तोवर मी जगू शकेन, हे तिला मान्य होते. तिचा प्रश्न त्याच्या पुढचा होता: तुझ्यानंतर माझे काय? आई मागत होती ती पाच-दहा वर्षांची सोबत. मुलीला त्या वर्षांच्या पलीकडची वर्षे दिसत होती. ती वर्षे तिने कोणाच्या घरी, कोणत्या नात्याने, कशाच्या आधाराने काढावीत? वारसा मुलीकडे जावा, अशी रीत नव्हती. मुलगा होता तोवर ती मुलाची आई होती. नवरा होता तोवर नवऱ्याची बायको होती. आणि आई होती तोवर आईची मुलगी होती. यांतले दोन आधार गेले होते आणि तिसरा 66 वर्षांचा होता. या तिन्हींच्या बाहेर मुक्ताबाई म्हणून वेगळी कोणी असू शकते, हे त्या काळाने तिला कधी सांगितलेच नव्हते.

येथे 1754 आणि 1791 या दोन सालांतला फरक उघड होतो. दोन्ही वेळा एक वृद्ध माणूस एका विधवेला जग म्हणून विनवीत होते. दोन्ही वेळा विनवणीचे शब्द जवळजवळ तेच होते. पहिल्या वेळी ती फळाला आली, दुसऱ्या वेळी आली नाही. अहल्याबाईंच्या पदरी तेव्हा दोन लहान मुले होती, हे एक कारण खरेच. परंतु दुसरेही कारण आहे. मल्हाररावांना आपल्या सुनेसमोर एक वाट मोकळी करता आली. अहल्याबाईंना आपल्या मुलीसमोर तशी वाट ठेवता आली नाही. त्यांची माया कमी पडली, असे कोण म्हणेल? त्यांच्या सत्तेलाही मर्यादा होत्या. माळव्यातील सधन सावकारांच्या विधवांना त्यांनी नजराणा न घेता दत्तकाची परवानगी दिली, त्यांची संपत्ती त्यांच्याकडेच राहू दिली, अशा गोष्टी मॅल्कमनेच नमूद केल्या आहेत. दुसऱ्यांच्या लेकींना आपल्या पायांवर उभे करणाऱ्या या बाईला स्वतःच्या लेकीसाठी जगण्याचे कारण सापडेना, हे तिच्या आयुष्यातले सर्वांत मोठे दुःख म्हटले पाहिजे.

अहल्याबाईंनी जबरदस्ती का केली नाही, असा प्रश्न आजच्या वाचकाच्या मनात येतो. त्या राज्यकर्त्या होत्या, शिपाई त्यांचे होते. एक दार बंद केले असते, तर मुलगी वाचली असती. अडतीस वर्षांनंतर, 1829 साली, लॉर्ड बेंटिंकने बंगाल इलाख्यात कायद्यानेच सतीची चाल बंद केली; राजा राममोहन राय यांच्या दीर्घ खटपटीचे ते फळ होते. परंतु 1791 मध्ये महेश्वरात तसा कायदा नव्हता, आणि त्याहून मोठी गोष्ट म्हणजे तसे लोकमत नव्हते. ज्या कृत्याला सारे गाव पुण्य समजते, त्याच्या आड येण्याचे बळ एकट्या आईच्या ठिकाणी कोठून यावे? अहल्याबाई स्वतःही त्याच श्रद्धांच्या आवारात वाढल्या होत्या. आज आपण जिवंत स्त्रीला जाळणे म्हणजे काय, हे निःशंकपणे म्हणू शकतो. 1987 च्या कायद्याने तर सतीचे उदात्तीकरण करणे हाही गुन्हा ठरविला आहे. त्या आईला ते नुसते उमगत होते. तिच्याजवळ त्याला शब्द नव्हते.

तिला ते उमगत होते, याचा पुरावा मॅल्कमच्या पुढच्या वर्णनात आहे. मुलीचे मन वळत नाही, असे पाहिल्यावर अहल्याबाई तिच्याबरोबर चालत नर्मदेच्या काठी गेल्या. दोन ब्राह्मणांनी त्यांचे हात धरले होते. पहिली ज्वाळा उठेपर्यंत त्या कशाबशा उभ्या राहिल्या. मग त्यांचा धीर सुटला. भोवती हजारो लोक जयजयकार करीत होते, आणि त्या गर्दीत ही म्हातारी आई धरून ठेवलेले आपले हात सोडविण्याची धडपड करीत, ते सुटेनात म्हणून त्यांनाच दातांनी चावत होती. लोकांना चितेवर सती दिसत होती. तिची मुलगी जळते आहे, हे फक्त तिलाच दिसत होते. पुढे तीन दिवस तिने जवळजवळ अन्न घेतले नाही आणि एक शब्दही उच्चारला नाही. नंतर गेलेल्यांच्या स्मरणार्थ एक सुंदर वास्तू बांधण्यात तिने मन रमविले. चार वर्षांनी, 13 ऑगस्ट 1795 रोजी, तीही गेली. मुक्ताबाईंचा हिशेब अगदी बरोबर ठरला. आईला खरोखरच थोडीच वर्षे उरली होती.

परंतु त्या चार वर्षांचे काय? दरबार भरत होता, दाने दिली जात होती, कागदांवर आज्ञा सुटत होत्या. कोणी प्रजाजन म्हणून येत होते, कोणी आश्रित म्हणून येत होते. दमलीस का, जेवलीस का, एवढे एकेरीत विचारणारे माणूस मात्र त्या वाड्यात उरले नव्हते. म्हातारपणी आईला मुलगी लागते ती मुख्यतः यासाठी. सेवा पैशाने मिळू शकते, औषध वैद्याकडून मिळू शकते. ज्याच्यापुढे थोरपण बाजूला ठेवून बसता येते, असे माणूस मात्र एकदा गेले की दुसरे मिळत नाही.

विधवा स्त्री आणि तिची म्हातारी सोबतीण यांची आणखी एक जुनी कथा बायबलच्या जुन्या करारात आहे. नामी ही बेथलेहेमची बाई परमुलखात पती आणि दोन्ही मुलगे गमावून बसते. आपापल्या माहेरी जा, असे ती दोघी सुनांना सांगते. एक जाते, आणि तिला कोणी दोष देत नाही. दुसरी, रूथ, म्हाताऱ्या सासूची साथ सोडीत नाही. तिच्या निष्ठेचे शब्द जगभर गाजले. परंतु बेथलेहेमला पोहोचल्यावर ती करते काय, हे पाहावे. ती जवाच्या शेतात जाऊन कापणी करणाऱ्यांच्या मागून सरवा वेचते. शेताच्या कडेचे पीक आणि गळलेली कणसे गरीब, परके आणि विधवा यांच्यासाठी राखावीत, असा त्या लोकांचा नियम होता. म्हणून ती संध्याकाळी धान्य घेऊन घरी येऊ शकली आणि दोघी जगल्या. नुसत्या प्रेमाने चूल पेटत नाही. प्रेमाला उभे राहण्यापुरती जागा समाजाने करून ठेवावी लागते.

आपल्या समाजाने तशी जागा केली का? थोडी केली, पण फार सावकाश. मुलगी म्हणजे परक्याचे धन, हे वाक्य आपण पिढ्यान्‌पिढ्या उच्चारीत आलो. मुलीला मूल होईपर्यंत तिच्या घरी जेवू नये, तिच्या घरचे पाणीही घेऊ नये, अशी रीत महाराष्ट्रात आणि माळव्यातही पुष्कळ घरांनी पाळली. मुलीच्या सासरवर भार पडू नये, हा त्यामागील हेतू कदाचित चांगला असेल. परंतु त्याचा परिणाम असा झाला, की म्हाताऱ्या आईला मुलाच्या घरी उपेक्षा सोसणे मानाचे वाटे आणि मुलीच्या घरी सुखाने राहणे लाजेचे वाटे.

1956 साली दोन कायदे झाले. हिंदू उत्तराधिकार कायद्याने मुलीला बापाच्या मिळकतीत वाटा दिला आणि स्त्रीला तिच्या मिळकतीची पूर्ण मालकीण केले. दत्तक आणि निर्वाह कायद्याने वृद्ध व दुबळ्या आईबापांना पोसण्याची जबाबदारी मुलाप्रमाणे मुलीवरही टाकली. पुढे 1987 साली महाराष्ट्रातील एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयापुढे प्रश्न आला, की लग्न होऊन गेलेल्या मुलीकडून बापाला पोटगी मागता येते काय? मुलगी डॉक्टर होती. फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलमात पुल्लिंगी सर्वनाम होते. त्यावरून कायदा फक्त मुलालाच लागू आहे, असा तिचा बचाव होता. न्यायालयाने तो मानला नाही. लग्न झाले म्हणून मुलीचे मुलगीपण संपत नाही, असा त्या निकालाचा अर्थ आहे. मात्र न्यायालयाने एक अट स्पष्ट केली. त्या मुलीजवळ नवऱ्याच्या उत्पन्नाहून वेगळे, स्वतःचे पुरेसे साधन असले पाहिजे. 2005 साली मुलगी एकत्र कुटुंबाच्या मिळकतीत जन्मतः सहहिस्सेदार झाली, आणि 2007 च्या निर्वाह व कल्याण अधिनियमाने मुलगा आणि मुलगी यांची नावे आईबापांच्या पालनाच्या बाबतीत एकाच ओळीत लिहिली.

स्वतःचे साधन असले पाहिजे, ही अट कायद्याची भाषा बोलते, पण तिच्यात मुक्ताबाईंच्या प्रश्नाचे अर्धे उत्तर आहे. जिला स्वतःचे काही आहे, तिलाच आईला काही देता येते. जी स्वतःच दुसऱ्याच्या आधारावर उभी आहे, तिच्याकडे आईने कितीही हात पसरले तरी तिची ओंजळ रिकामीच राहणार.

उरलेले अर्धे उत्तर कायदा देऊ शकत नाही. ते घरातच शोधावे लागते. आजच्या इंदुरातील एखाद्या मराठी घराची कल्पना करावी. वडील जाऊन पुष्कळ वर्षे झाली. मुलगे पुण्याला, मुंबईला किंवा परदेशी गेले. घरात आई आणि एक मुलगी. मुलीचे लग्न झाले नाही, किंवा होऊन मोडले. ती नोकरी करते. संध्याकाळी आईची औषधे, आईचे पथ्य, आईची रात्रीची झोप. पूर्वी आई तिला अंधार पडण्यापूर्वी घरी ये म्हणून सांगत असे. आता ती आईला जिना उतरू नकोस म्हणून सांगते. आईला ऐकू कमी येते, म्हणून मुलीचा आवाज चढतो. आवाज चढला म्हणून आई रुसते. आई रुसली म्हणून मुलीला रात्री झोप येत नाही. भाऊ दिवाळीला येतात, आईला लुगडे आणतात, आणि आई शेजाऱ्यापाजाऱ्यांना ते लुगडे कौतुकाने दाखविते. वर्षभर तिचे उशापायथे करणारी मुलगी स्वयंपाकघरातून ते ऐकत असते.

या मुलीने अहल्याबाईंची विनवणी मानली आहे. मला एकटी टाकून जाऊ नकोस, असे तिची आई कदाचित शब्दांनी म्हणाली नसेल, पण मुलीने ते ऐकले आणि ती राहिली. त्याबद्दल सारे नातेवाईक तिची स्तुती करतात. स्तुतीला खर्च येत नाही. परंतु मुक्ताबाईंनी विचारलेला प्रश्न ही मुलगीही मनातल्या मनात विचारीत असते. आईनंतर माझे काय? आई जाईल तेव्हा ती पन्नाशीची किंवा साठीची असेल. घर कोणाच्या नावावर असेल? भाऊ वाटा मागतील तेव्हा ती कोठे जाईल? बदली नाकारली, बढती सोडली, मैत्रिणी तुटल्या, प्रवास राहून गेले. ती वर्षे तिला कोण परत देणार? हा प्रश्न ती उघड विचारीत नाही, कारण आईच्या मरणाचा हिशेब करणारी मुलगी, असे म्हणवून घेणे तिला नको असते. मुक्ताबाईंनी तो आईच्या तोंडावर विचारला, कारण त्यांनी आधीच निरोप घेतला होता. जिला जगायचे आहे, तिला तो गिळावा लागतो, आणि गिळलेला प्रश्न पुढे चिडचिडीच्या रूपाने बाहेर पडतो.

म्हणून तो प्रश्न मुलीने विचारण्याची वाट आईने पाहू नये. तो आईनेच आधी काढावा. माझ्यानंतर तुझे काय, हे म्हातारीने एके दिवशी स्वस्थ बसून मुलीला विचारावे. घर तिच्या नावाने करायचे असेल, तर हात चालतो आहे तोवर कागद करावा आणि मुलांना बोलावून त्यांच्यासमक्ष सांगावे. मुलीचा आठवड्यातला एखादा दिवस तिचा स्वतःचा असावा आणि त्या दिवशी आईची व्यवस्था भावाने पाहावी. दूर असला तर खर्च त्याने करावा. तिची नोकरी, तिचे वाचन, तिचे गाणे किंवा तिच्या मैत्रिणी यांना घरात आईच्या औषधांइतकाच मान असावा. आणि शेजारणीला लुगडे दाखविताना, ते नेसविणारे हात कोणाचे आहेत, हेही आईने सांगावे. यात मुलीवर उपकार नाही. मल्हाररावांनी सुनेला राहा म्हणून सांगितले आणि त्याबरोबर तिच्या हाती दौलतीचा हिशेब दिला. प्रत्येक आईजवळ दौलत नसते, पण आपापल्या संसारापुरता हिशेब प्रत्येकीजवळ असतो.

मुलीनेही काही शिकावे लागते. आई मागते आहे, हे आईला किती जड जात असेल, याची तिने जाणीव ठेवावी. सारे आयुष्य जिने वाढले, तिला ताट पुढे करून बसणे सोपे नसते. म्हातारी माणसे हट्ट करतात त्यातील निम्मे हट्ट हे, अजून माझे काही चालते का, हे पाहण्यासाठी केलेले असतात. भाजीला मीठ किती घालायचे, हे तिला विचारावे. सल्ला लागत नसला तरी विचारावे. आपण आता मोठ्या झालो आणि आई लहान झाली, असे पुष्कळ मुली कौतुकाने म्हणतात. ते पूर्ण खरे नाही. आई दुबळी होते, लहान होत नाही. तिला बालकासारखे दटावले म्हणजे तिच्या उरलेल्या मानाला धक्का लागतो.

अहल्याबाईंच्या पुतळ्यापुढे हार घालणाऱ्यांत अनेक म्हाताऱ्या आया असतात आणि त्यांचा हात धरून आलेल्या प्रौढ मुलीही असतात. त्या आईला चार पायऱ्या चढवितात, तिच्या चपला सांभाळतात, गर्दीतून तिला सावरून नेतात. महेश्वरच्या त्या आईला मुलीच्या हाताचा हा आधार शेवटच्या चार वर्षांत मिळाला नाही. तिचे हात परक्यांनी धरले होते. आज ज्यांच्या हातात तो हात आहे, त्यांनी घरी गेल्यावर एकमेकींजवळ बसावे आणि मुक्ताबाईंचा प्रश्न न भिता बोलून टाकावा. 1791 साली त्याला उत्तर नव्हते. आता ते देता येते, आणि आई हयात असतानाच ते देण्याची वेळ असते.